रूबेन स्टॉरचं उत्तम मरण

पाच वर्षं दक्षिण समुद्रात घालवून रूबेन स्टॉर हल बंदरात उतरला आणि तीन दिवस माळरान तुडवत आपल्या सँडरबी गावात पोचला. वेशीवर पहिली भेटली ती पाइमनबाई. दारात बसून ती हेरिंग मासे साफ करत होती. तिने त्याला नखशिखांत न्याहाळलं, हात पुसले, आत गेली आणि एक जाडजूड पुस्तक घेऊन आली. मग एकदा पानाकडे आणि एकदा त्याच्याकडे, असं बराच वेळ पाहत राहिली.

"तुला तर खाल्लंय," ती म्हणाली.

तिला भीती वाटलेली दिसत नव्हती. उलट, ताजा म्हणून घेतलेला मासा घरी आल्यावर शिळा निघावा, तसा वैताग तिच्या आवाजात होता.

रूबेन जहाजावर पिंपं बांधायचा. त्याच जहाजावर एडमंड गार्बट नावाचा कारकून होता. परतल्यावर गार्बटने स्वतःच्या डोळ्यांनी पाहिलेल्या सफरीचा वृत्तांत छापला, आणि त्याचं एकोणिसावं प्रकरण म्हणजे रूबेनचं मरण. त्यात रूबेन कप्तानाच्या अंगावर येणारा भाला स्वतःच्या छातीवर झेलतो. पुढे बेटावरचे लोक त्याला भाजून खाण्यासाठी लाकडं रचत असताना तो त्यांनाच क्षमेवर प्रवचन देतो. हे सगळं अकरा पानं चालतं.

खरं घडलं ते अगदीच साधं होतं. पाणी भरायला बेटावर उतरलेला रूबेन झाडाखाली जरा टेकला, त्याचा डोळा लागला, आणि पंधरा दिवस पडलेला वारा नेमका तेव्हाच उठला. जाग आली तेव्हा जहाज क्षितिजावर नखाएवढं उरलं होतं. बेटवाल्यांनी त्याला खाणं दूरच, भाजलेले नीरफणस आणि मासे खाऊ घालून गुबगुबीत केलं. चार महिन्यांनी एका डच जहाजाने त्याला उचललं आणि डचांच्या बटाव्हिया बंदरात नेऊन पिंपांच्या कामाला जुंपलं. तिथून सुटायलाच चार वर्षं गेली.

बायकोने, डॉर्कसने, दार उघडलं आणि त्याच्या गळ्यात पडून पोटभर रडली. मग तिने त्याला वाटाण्याचं गरम सार वाढलं आणि समोर बसून, जरा संकोचूनच, सगळं सांगितलं. चर्चच्या भिंतीवर त्याच्या नावाची संगमरवरी पाटी बसली होती. दर रविवारी प्रार्थना झाली की ती उभी राहून एकोणिसावं प्रकरण वाचायची. आसपासच्या चार गावांतून माणसं ऐकायला यायची.

"खोटं कशाला बोलू, रूबेन," ती म्हणाली. "तू मेलास ते फार छान मेलास."

"आणि जिवंत होतो तेव्हा?"

डॉर्कसने जरा विचार केला. "तेव्हाही बरा होतास."

रूबेनने वाडगा दूर लोटला.

दुसऱ्या दिवशी तो पाद्रीबाबांकडे गेला. चर्चच्या वहीतलं आपलं मरण खोडून द्यावं, एवढंच त्याचं मागणं होतं. पाद्री ऑर्टन शांत आणि न्यायी माणूस. त्यांनी पुस्तक आणि रूबेन, दोन्ही समोर ठेवून सगळं ऐकून घेतलं.

"गार्बटने जे झालं ते डोळ्यांनी पाहिलंय," ते म्हणाले. "त्या वेळी तू काय करत होतास?"

"झोपलो होतो, पाद्रीबाबा."

"मग बघ. एक साक्षीदार जागा होता, दुसरा झोपलेला. मी कुणाचं धरू?"

पाद्रीबाबांनी वर हेही बजावलं, की डॉर्कस विधवा आहे आणि विधवेच्या घरी परपुरुषाने मुक्काम करणं गावात खपायचं नाही. राहायचं असेल तर रीतसर लग्न करावं. रूबेन स्टॉर या नावाने ते जमणार नाही, कारण तो माणूस वारला आहे; मात्र मयताच्या एखाद्या चुलतभावाला आपली हरकत नाही.

रूबेनच्या तळपायाची आग मस्तकात गेली. गार्बट यॉर्कला राहतो हे त्याने पाइमनबाईकडून काढून घेतलं होतं. एक जाड दांडकं घेऊन तो तडक निघाला.

गार्बटने दार उघडलं, क्षणभर पाहिलं, आणि दांडक्याकडे लक्षही न देता त्याला मिठी मारून हमसून हमसून रडू लागला. मग त्याने सांगितलं. बेट मागे पडल्यावर त्याने कप्तानाचे पाय धरले होते. पण वारा पुन्हा पडेल या भीतीने कप्तान वळला नाही.

"आम्ही एक झोपलेला माणूस टाकून आलो, हे मी कसं छापणार होतो?" गार्बट म्हणाला. "म्हणून माझ्याकडचं सगळ्यात चांगलं मरण तुला दिलं. ते मी स्वतःसाठी राखून ठेवलं होतं, रूबेन."

रूबेनने दांडकं कोपऱ्यात टेकवलं. मग त्याने विचारलं, "फार दुखलं का मला?"

"थोडंसं. पाचव्या पानावर. पुढे नाही दुखू दिलं."

दोघं मिळून सँडरबीला आले. मयताचा चुलतभाऊ जोनास स्टॉर, या नावाने रूबेनच्या लग्नाची घोषणा रिवाजाप्रमाणे तीन रविवार चर्चमध्ये झाली. तिसऱ्या रविवारी कुणाची हरकत आहे का, असं विचारल्यावर पाइमनबाई उभी राहिली. तिचं म्हणणं असं, की माणूस वाईट नाही, पण डॉर्कसच्या पहिल्या नवऱ्याच्या पासंगालाही पुरणार नाही. पाद्रीबाबांनी ते खरं असल्याचं मान्य केलं, पण कायद्यात तेवढ्यावरून लग्न मोडता येत नाही, असं सांगून तिला बसवलं. लग्न लागलं. गार्बटने साक्षीदार म्हणून सही केली. या वेळी त्याने खरोखरच पाहिलं होतं.

पुढच्या रविवारी नवा नवरा पहिल्यांदाच पुढच्या बाकावर बसला. डॉर्कस वाचायला उभी राहिली. तिचा आवाज इतका गोड आहे हे त्याला पाच वर्षांपूर्वी कधी जाणवलं नव्हतं. भाला झाला, दोर झाले. लाकडं पेटायला लागली आणि त्या बिचाऱ्याने सगळ्यांना क्षमा केली, तेव्हा रूबेनला हुंदका आवरेना. तो ओंजळीत तोंड लपवून रडू लागला.

पाइमनबाईने मागून वाकून आपला रुमाल त्याच्या खांद्यावर टाकला. "रड बाबा," ती हळूच म्हणाली. "शेवटी रक्ताचं नातं आहे."