चार बोटांचं भांडण

थोरला आणि धाकटा हे सख्खे भाऊ चार बोटं जागेसाठी नऊ वर्षं कोर्टात भांडले. बाप शिंपी. मागे तीन खोल्या ठेवून गेला. पुढची थोरल्याने धरली, मागची धाकट्याने. मधल्या खोलीत बहीण, ताई, शिलाई मशीन चालवायची आणि या दोन शहाण्यांच्या विजारी फुकटात शिवायची. थोरला म्हणे, धाकट्याने मधल्या खोलीसकट भिंत पुढे सारून माझी चार बोटं जागा खाल्ली.

ताईला दोघांची कीवही येत नव्हती. कीव करायला समोर माणूस तरी असावा लागतो.

शेवटी कोर्टच कंटाळलं. म्हणालं, आपसात मिटवा. मिटवून द्यायला एक वकीलबाई घरी आल्या. त्यांच्यासमोर भावांचं नऊ वर्षांत पहिल्यांदा एकमत झालं, ते असं, की ताईने हक्क सोडायचा आणि मधली खोली दोघांनी वाटून घ्यायची.

"तुझा एकटीचा जीव," थोरला म्हणाला. "कुठेही राहशील."

"कुठेही म्हणजे तुझ्याकडे का रे दादा?"

थोरल्याला एकदम खोकला आला.

"तिघांच्या राजीखुशीने सह्या लागतील," वकीलबाई म्हणाल्या. "जबरदस्तीचा कागद मी लिहीत नाही. आधी मोजा."

थोरल्याने रुमालातून बापाची कापडी टेप काढली. पुढची खोली भरली चार बोटं कमी. धाकट्याच्या लोखंडी टेपने तीच खोली कागदाबरहुकूम. लागले दोघं पुन्हा गुरगुरायला.

ताईने दोन्ही टेपा टेबलावर शेजारी शेजारी ताणल्या. कापडी बोटभर लांब.

"ओढून ओढून वाढलीय ती. खोलीला चारदा लावली, झाली चार बोटं. बाबांनी म्हणूनच टाकून दिली होती. पहिल्याच वर्षी सांगितलं तर म्हणालात, तू आपली ब्लाउजं शिव."

थोरला टेपेकडे बघत राहिला. "टेप खोटी असेल," तो म्हणाला. "पण हा तरी खरा कुठे आहे?"

राहिली मधली खोली. गच्चीचा जिना तिच्यात, नळही तिच्यातच. जिना काय उभा चिरणार?

"मग कुणातरी एकालाच द्यावी लागेल," वकीलबाई म्हणाल्या.

"ह्याला नको," थोरला म्हणाला.

"ह्याला तर मी मेलो तरी नको," धाकटा म्हणाला.

"लिहून घ्या बाई," ताई म्हणाली. "आज पहिल्यांदा दोघं मनातलं बोलले."

'दादा, तू घे' एवढं धाकटा म्हणाला असता, तर ताई रस्त्यावर होती. थोरला 'तू घे' म्हणाला असता, तरी तेच. पण स्वतःचं नाक कापून दुसऱ्याला अपशकुन करणारी जात ही. नाकं गेली तरी अपशकुन हवाच.

"ताईला द्या," धाकटा म्हणाला. "ह्याला सोडून कुणालाही द्या."

थोरल्याने तर घाईघाईने आधी सही ठोकली, न जाणो धाकटा फिरला तर.

दुसऱ्या दिवशी सकाळी थोरला दारात उभा.

"जिना वापरा, नळ वापरा," ताई मशीनवरून मान वर न करता म्हणाली. "फक्त दार वाजवून यायचं."

"ते झालंच. बाबांची टेप काल इथेच राहिली, ती हवी होती."

"आता काय मोजतोस?"

"जिना." थोरल्याने आवाज खाली केला. "हा माझ्यापेक्षा जास्त वेळा चढतो. अर्ध्या पायऱ्या कुठपर्यंत, ते एकदा नक्की झालेलं बरं."

ताईने त्याला टेप दिली. तीच, कापडी. आणि मशीन सुरू केलं.