मी खाल्लेली बाग

माझी बायको सौसन पाहुण्यांना माझं काम असं समजावून सांगते : "शहरात जिथे काही उगवत नाही, तिथे काय उगवलं असतं याची हा रंगीत चित्रं काढतो." पाहुणे हसतात. मीही हसतो, कारण सतरा वर्षं उद्यान विभागात काढूनही मला याहून नेमकी व्याख्या करता आलेली नाही.

शहरातल्या जबल ताज टेकडीवर दोन दगडी जिन्यांच्या मधे एक तिकोनी उतार होता. फुटक्या फरश्या, स्प्रिंगा बाहेर आलेला सोफा आणि कुणाचं तरी अर्धं वॉशिंग मशीन, एवढीच तिथली संपत्ती. ती जागा माझ्याकडे आली तेव्हा मी नुकताच परदेशातला अभ्यासक्रम संपवून परतलो होतो आणि मला शहाणपणाची ढेकर येत होती. पाण्याचा टँकर आठवड्यातून एकदा येणाऱ्या गावात हिरवळ लावणं आणि पेटुनियांच्या रांगा पोसणं हा गुन्हा आहे, असं मी जिथे तिथे सांगत सुटलो होतो. दोन परिषदांमध्ये तर टेबलावर मूठ आपटून सांगितलं. दुसऱ्या वेळी चहा सांडला.

तर या उतारावर मी फक्त इथल्या डोंगरातली रानझाडं लावणार होतो. पाणी द्यायचं नाही, छाटायचं नाही, हिवाळ्याच्या पावसावर सोडून द्यायचं. बिया गोळा करायला अजलूनच्या टेकड्या पायाखाली घातल्या. खुब्बेझे, हिंदबे, झातर आणि अक्कूब. या काटेरी अक्कूबची नऊच रोपं हाती लागली होती, त्यामुळे त्यांची जागा मी नकाशावर लाल शाईनं दाखवली.

कामावर माळी होता अबू जरीर. साठीला आलेला, कमी बोलणारा. बियांची पाकिटं उघडून बघत तो म्हणाला, "साहेब, हे सगळं माझ्या आईच्या कुंपणाच्या कडेला आपोआप उगवायचं."

"तेच तर, अबू जरीर. तेच परत आणायचंय."

"आणि त्यासाठी परदेशात शिकावं लागतं?"

"लागतं," मी म्हणालो. मला वाईट याचं वाटतं, की तेव्हा मी हे गंभीरपणे म्हणालो होतो.

शिवाय मधोमध एक पाटी लावली. मजकूर माझाच, तीन रात्री जागून लिहिलेला : 'या मातीचं जे होतं, ते या मातीच्या माणसांना परत.'

उताराच्या डोक्यावर हिरव्या लोखंडी दाराचं घर होतं, उम्म नाएफचं. ती लग्न होऊन उत्तरेकडच्या एका खेड्यातून या टेकडीवर आली होती. सहा मुलं वाढवली, नवऱ्याला निरोप दिला, आणि आता सगळ्या जिन्यावर तिचा हुकूम चालायचा. दोन वर्षं आमच्या माणसांना तिच्याच घरून चहा आला. ती मला "अरे इंजिनियर" म्हणायची, मी तिला खाला, म्हणजे मावशी. एवढ्या चहांत मी तिला एकदाही सांगितलं नाही, की मी इथे काय लावतोय आणि कशासाठी. तिनंही विचारलं नाही. मला वाटलं, तिला कळणार नाही. तिला काय वाटलं ते पुढे येईलच.

दुसऱ्या हिवाळ्यात पाऊस चांगला झाला. फेब्रुवारी संपता संपता तो उतार असा काही हिरवागार झाला, की मी रोज ऑफिसला जाताना वाट वाकडी करून तो बघायला जायचो. नेमकी त्याच वर्षी शहरातल्या सर्वोत्तम बागेची स्पर्धा जाहीर झाली. मी बासष्ट पानांचा अहवाल पाठवला. समिती रविवारी सकाळी पाहायला येणार असं पत्र आलं. मी आरशासमोर उभा राहून भाषणाची तालीम सुरू केली.

"हातवारे कमी कर," सौसन म्हणाली. "समितीच्या प्रमुख वनस्पतिशास्त्राच्या प्राध्यापक आहेत. ट्रॅफिक पोलीस नाहीत."

गुरुवारी उम्म नाएफचा फोन. "अरे इंजिनियर, उद्या नमाजानंतर जेवायला ये. नाही म्हणायचं नाही."

शुक्रवारी मी वरच्या रस्त्यानं गेलो, म्हणजे बाग वाटेत आली नाही. ताट मांडलेलं होतं. कांदा आणि ऑलिव्हच्या तेलात परतून वर लिंबू पिळलेली पालेभाजी, दह्यात शिजवलेलं मांस आणि त्यात कसले तरी कोवळे कोंब, गरम रोट्या. अबू जरीरही बसला होता, हे पाहून बरं वाटलं. पहिला घास घेतला आणि मला माझी आजी आठवली. तीन वेळा वाढून घेतलं. रोटीनं ताट पुसलं.

"खाला, अशी चव शहरात मिळत नाही. बाजारातलं असं लागतच नाही."

"बाजारातलं कसं असेल?" ती म्हणाली. "खा. अजून पातेलंभर आहे. अक्कूबचे काटे काढून काढून आम्हा चौघींच्या बोटांची चाळण झाली."

अक्कूब हा शब्द कानावर पडला, पण माझ्या डोक्यात घंटा वाजली नाही. माणसाचं पोट भरलं की डोकं रजेवर जातं. उलट मी त्या कोंबांचा मऊपणा, दह्याचा आंबटपणा यावर दोन वाक्यं बोललो, आणि शेवटी म्हणालो, "ज्यानं हे पिकवलं त्याचे हात चुंबावेत!"

अबू जरीरनं माझ्या हातांकडे पाहिलं आणि मान खाली घातली.

चहा गच्चीवर होता. मी पेला घेऊन पाण्याच्या टाकीला टेकलो, सहज खाली पाहिलं आणि पेल्यातला चहा माझ्या बुटावर सांडला. खाली माझा उतार होता. तपकिरी. नुसते बोटभर खुंट. बागेच्या मधोमध पाटी तेवढी ताठ उभी होती.

"खाला," मी वाकून खाली बोट दाखवलं, "माझी बाग कुठे गेली?"

"कुठे जाईल? पोटात," ती म्हणाली. "आज पहाटे सगळ्या जिन्यावरच्या बायका उतरलो. अकरा घरांत आज चूल पेटली ती तुझ्या नावानं. सगळ्यांनी तुला दुवा दिली."

"तुम्ही... विचारलं नाही मला!"

"विचारायचं काय? पाटी तूच लावलीस ना? या मातीचं ते या मातीच्या माणसांना परत. घेतलं परत. दोन वर्षं वाट पाहिली, आता हा सांगेल, मग सांगेल. शेवटी म्हटलं, बिचारा लाजाळू आहे. आणखी आठ दिवस गेले असते तर खुब्बेझे जून झालं असतं."

मी अबू जरीरकडे वळलो. "आणि तुम्ही? तुम्ही बघत बसलात?"

"बसलो नाही साहेब. पोती उचलली." वर म्हणाला, "एक घरी नेलं."

मी काय बोललो ते नीट आठवत नाही. जैवविविधता हा शब्द दोनदा आला, एवढं नक्की. उम्म नाएफनं सगळं ऐकून घेतलं आणि मग खरंच न कळून विचारलं, "म्हणजे तू हे सगळं नुसतं बघायला लावलं होतंस?"

या प्रश्नाचं उत्तर माझ्या अहवालात होतं, चौथ्या प्रकरणात. अहवाल मात्र समितीकडे होता.

शनिवारी मी जे केलं ते सांगायला आजही जीभ अडखळते. शहाण्या माणसानं समितीला फोन करून खरं सांगितलं असतं. मी सकाळी सात वाजता ओळखीच्या रोपवाटिकेत गेलो आणि तीनशे पेटुनिया उचलल्या. जांभळ्या, गुलाबी आणि लाल. मालक जुना मित्र. तो म्हणाला, "वहीब, परिषदेत तूच ना तो मूठ आपटणारा?"

"गाडीत भर," मी म्हणालो, "आणि तोंड बंद ठेव."

माती घट्ट, वेळ कमी. म्हणून रोपं काळ्या प्लॅस्टिकच्या कुंड्यांसकटच पुरली. अबू जरीरनं मुकाट्यानं खड्डे केले. प्रत्येक कुंडी खाली ठेवताना मात्र तो "अल्लाह माफ करो" म्हणायचा. तीनशे वेळा म्हणाला. संध्याकाळी आम्ही जिन्यावर उभे राहून पाहिलं, तर उतार लग्नाच्या हॉलसारखा दिसत होता.

रविवारी समिती आली. तीन माणसं, पण बोलणारी एकच : डॉक्टर लमीस, निवृत्त प्राध्यापक, हातात काठी, डोळ्यांत दया नाही. त्यांनी माझा अहवाल काखेत धरला होता आणि त्यात जागोजागी कागदाच्या खुणा घातल्या होत्या. म्हणजे वाचला होता. हे संकट मी गृहीत धरलंच नव्हतं.

त्यांनी पाटी वाचली. मग पेटुनिया पाहिल्या. मग पुन्हा पाटी वाचली.

"ही अजलूनची रानफुलं का?"

"म्हणजे, बाई, टप्प्याटप्प्यानं होणारं संक्रमण..." मी हातवारे सुरू केले.

बाईंनी काठीचं टोक एका जांभळ्या रोपाखाली घालून हलकेच वर केलं. रोप कुंडीसकट बाहेर आलं, उतारावरून घरंगळलं आणि टप टप करत सात पायऱ्या उतरून खाली थांबलं. मला तर त्याच्या मागोमाग घरंगळत जावंसं वाटत होतं.

तेवढ्यात वरचं हिरवं दार उघडलं आणि उम्म नाएफ ताट घेऊन उतरू लागली. मी डोळ्यांनी, हातांनी, होतं नव्हतं त्या सगळ्यानं खुणा केल्या. तिनं पाहिलं आणि ओरडून विचारलं, "काय रे, मान लचकली का?"

तिनं ताट कठड्यावर ठेवलं. "घ्या. शुक्रवारची भाजी आहे, पण मुरल्यावर जास्त छान लागते. यानंच पिकवली, याच जागेवर. आम्ही खाल्ली. काल उठून यानं ही प्लॅस्टिकची फुलं का लावली, ते मात्र आम्हाला कळलं नाही."

"प्लॅस्टिकची नाहीत," मी पुटपुटलो. स्वतःच्या बचावासाठी मी सकाळभरात बोललेलं ते एकमेव खरं वाक्य.

डॉक्टर लमीस कठड्यावर बसल्या. रोटीचा तुकडा मोडून भाजी खाल्ली. मग काठी बाजूला ठेवून नीट मांडी घातली आणि पुन्हा खाल्ली. दोघी बोलू लागल्या : कुठलं गाव, कोवळं कधी खुडायचं, देठ किती ठेवायचा. उम्म नाएफनं पेटुनिया बाजूला सारून खुंट दाखवले. सगळे एकाच उंचीवर, तिरके कापलेले, आणि त्यांतून दोनच दिवसांत हिरवे ठिपके फुटले होते. मला ते शनिवारी दिसलेच नव्हते. मी त्यांच्यावरच गुडघे टेकून कुंड्या पुरत होतो.

निघताना बाई माझ्याजवळ थांबल्या. "तुमच्या अहवालात बासष्ट पानं आहेत. 'खाणं' हा शब्द त्यात एकदाही नाही."

"नाही बाई."

"या अकरा घरांपैकी एकाचंही नाव नाही."

"नाही."

"हं," त्या म्हणाल्या. मला वाटतं, ओरडल्या असत्या तर बरं झालं असतं.

बक्षीस अर्थातच मिळालं नाही. समितीच्या शेऱ्यात शेवटी एक ओळ होती : 'आराखडाकारानं स्थानिक रहिवाशांकडून प्रशिक्षण घ्यावं.' बाईंनी ते टोमणा म्हणून लिहिलं असणार. पण आमच्या ऑफिसात टोमणा समजत नाही, कागद समजतो. पंधरा दिवसांत शिक्का मारलेला आदेश आला : दर गुरुवारी दोन तास, प्रशिक्षक उम्म नाएफ, हजेरीपत्रकावर तिची सही आवश्यक. तिला लिहिता येतं, पण ती अंगठाच उठवायची. म्हणायची, तुझ्या साहेबांना जरा मजा वाटू दे.

पहिल्या गुरुवारी मी खुब्बेझेचं रोप मुळासकट उपटलं. तिनं सुरीच्या मुठीनं माझ्या बोटांवर फटका मारला. "हे शिकवलं का तुला परदेशात? मूळ ठेवायचं. एकाआड एक झुडूप सोडायचं, नाहीतर बी कुठून येणार?" मी सगळं वहीत लिहून घेत होतो. ती म्हणाली, "लिहू नकोस, वाक."

तिचीही एक चूक झाली होती. अक्कूब तिसऱ्या वर्षाच्या आत कापायचं नसतं, हे तिला पक्कं माहीत होतं. त्या पहाटे उत्साहात बायकांनी नऊच्या नऊ कापली आणि तिनं अडवलं नाही. पुढच्या हिवाळ्यात पाचच परत आली. त्या चार रिकाम्या जागांपाशी ती कधी थांबत नाही, आणि मीही विषय काढत नाही. तिच्या हातचे ते कोंब तीन वेळा वाढून घेऊन मीच खाल्ले होते.

आज तो उतार अकरा घरांच्या पाळ्यांवर चालतो. जानेवारीपासून दर गुरुवारी दोन घरं खुडतात, बाकीची थांबतात. भांडणं होतात, मिटतात. अबू जरीर निवृत्त झाला तरी पोतं घेऊन येतो. आदेशाची मुदत संपून चार वर्षं झाली. मी अजून जातो, कारण देठ कुठे कापायचा ते मला अजून दहापैकी सातदाच जमतं.

या धड्यानंतर मी शहाणा झालो असं वाटून, शेजारच्या टेकडीवर नवी जागा मिळाली तेव्हा आधी कागद-पेन्सिल बाजूला ठेवली. लोकांना गोळा केलं, चहा मागवला आणि नम्रपणे विचारलं, "या जागेवर तुम्हाला काय हवंय?"

लोक एका सुरात म्हणाले, "पार्किंग."

दोन महिने वाटाघाटी केल्या. शेवटी आराखड्यात चार गाड्या आणि एक तुतीचं झाड बसलं. झाड आता चांगलं वाढलंय. मे महिन्यात तुती गाड्यांच्या टपांवर पडतात, आणि त्या जांभळ्या डागांबद्दल बोलायला लोक थेट माझ्या घरी येतात. सौसन त्यांना आत बसवते, कॉफी देते आणि मला हाक मारते, "अरे, तुझे प्रशिक्षक आलेत."