हिरवा रकाना

नवा हेड कोच वेड टॉलिव्हर आला आणि पहिल्याच दिवशी त्याने लॉकर रूममधलं घड्याळ उतरवलं. "आपली वेळ आपण ठरवतो!" असं ओरडला. धट्टीकट्टी पोरं टाळ्या पिटत होती. मागे भिंतीला टेकून उभ्या असलेल्या परीक्षितने मनातल्या मनात कपाळाला हात लावला. असले साहेब त्याने पुण्याच्या आयटी कंपनीत ढिगाने पाहिले होते. काम येत नाही, म्हणून भिंतीवरच्या वस्तू हलवतात.

परीक्षित मूळचा नागपूरचा. नॉर्थ कॅरोलायनातल्या या युनिव्हर्सिटीत तो अमेरिकन फुटबॉल टीमचा डेटा अ‍ॅनालिस्ट होता. सरावात प्रत्येक खेळाडूच्या अंगावर सेन्सर असे. कोण किती धावला, कुणाचा पाय किती थकला, हे सगळं परीक्षितच्या लॅपटॉपवर येई आणि दर गुरुवारी त्याचा रिपोर्ट कोचच्या टेबलावर जाई. हिरवा म्हणजे खेळव, पिवळा म्हणजे जपून, लाल म्हणजे बसव. टॉलिव्हरलासुद्धा कळेल इतकं सोपं.

पहिल्या रिपोर्टात चार रकाने लाल होते. टॉलिव्हरने तो कागद मेलेलं झुरळ उचलावं तसा दोन बोटांनी उचलला.

"लाल हा हरणाऱ्यांचा रंग," तो म्हणाला. "मला तो पुन्हा दिसायला नको."

दुसरा कुणी भांडला असता. परीक्षितला त्यात भांडण्यासारखं काही वाटलंच नाही. क्लायंटला लाल कधी दाखवायचं नाही, हे पुण्यात पहिल्याच आठवड्यात मॅनेजरने त्याला शिकवलं होतं. प्रोजेक्ट बुडत असलं तरी स्टेटस हिरवं ठेवायचं. शिवाय डिसेंबरात त्याचा व्हिसा रिन्यू व्हायचा होता आणि त्यासाठीच्या पत्रावर सही याच माठाची लागणार होती. थकव्याचा आकडा शंभरावर गेला की रकाना लाल होई; परीक्षितने ती मर्यादा दीडशेवर नेली. पिवळा तर काढूनच टाकला, उगाच प्रश्न येतात. आकडे तेच आहेत, आपण खोटं काहीच लिहिलेलं नाही, असं तो स्वतःला सांगे.

सीझन सुरू झाला आणि टीम दर शनिवारी तोंडावर आपटू लागली. ३८-३, ४१-६, २७-९. प्रत्येक वेळी टॉलिव्हर टीव्हीसमोर छाती काढून "कल्चर"वर प्रवचन देई. परीक्षित ते ऑफिसात बसून पाही आणि नाक मुरडे. ते तीन, सहा, नऊ गुण एकट्या कुशचे होते. या खेळात बाकीचे एकमेकांवर धडका मारतात आणि लाथेने बॉल दोन खांबांमधून पार करायला एक किकर असतो. तो किकर कुश, जवळच्याच कॅरी गावात वाढलेला मराठी पोरगा, परीक्षितच्या ओळखीच्या सुमेधाकाकूंचा. टीमचं तेवढं एकच काम धड चाललंय म्हटल्यावर टॉलिव्हरने त्याचीच माती करायला घेतली. रोज सराव संपल्यावर कुशला आणखी ऐंशी किका मारायला लावल्या.

ऑक्टोबरात कुशच्या उजव्या पायाचा थकव्याचा आकडा एकशे बेचाळीस झाला. रिपोर्टात रकाना हिरवा होता.

त्याच गुरुवारी परीक्षित नेहमीप्रमाणे काकूंकडे जेवायला गेला. परदेशात एकटा राहतो म्हणून काकू त्याला आग्रहाने बोलवत. भरली वांगी होती, गरम भाकरी होती.

"दादा, माय लेग फील्स वियर्ड," कुश मांडी चोळत म्हणाला. "सुपर टाइट. डेटा काय म्हणतो?"

"मी म्हटलं एक मॅच ड्रॉप कर, तर ऐकत नाही," काकू म्हणाल्या. "जाऊ दे. परीक्षित आहे ना तिथे आपला. तो बघेल."

परीक्षितने घास चावायला बराच वेळ लावला. आकडा सांगितला तर कुश उद्या कोचला सांगणार. कोच विचारणार, तुला हे कुणी सांगितलं?

"ग्रीन आहेस," तो म्हणाला.

"कूल," कुश म्हणाला आणि त्याने आणखी एक भाकरी घेतली.

शनिवारी टीम ३४-३ ने मागे होती, चार मिनिटं उरली होती, तेव्हा टॉलिव्हरने कुशला चौपन्न यार्डांवरून, म्हणजे जवळजवळ पन्नास मीटरांवरून, किक मारायला पाठवलं. तीन गुण वाढल्याने काही फरक पडणार नव्हता, टीव्हीवर आकडा जरा बरा दिसला असता एवढंच. कुशने पाय फिरवला आणि तिथेच खाली बसला. मांडीचा स्नायू हाडापासून सुटला होता. डॉक्टर म्हणाले, ऑपरेशन करू, चालेल छान. किकचं विचारू नका.

"आमचा डेटा हिरवा होता," टॉलिव्हरने पत्रकारांना सांगितलं आणि हात झटकले. अख्ख्या सीझनमध्ये तो पहिल्यांदा खरं बोलला. दोन आठवड्यांनी युनिव्हर्सिटीने त्याला काढून टाकलं.

ती बातमी घेऊन परीक्षित जवळजवळ पळतच काकूंकडे गेला.

"हाकलला एकदाचा! नालायक माणूस, काकू. मी पहिल्या दिवसापासून ओळखलं होतं."

कुश सोफ्यावर पाय लांब करून बसला होता.

"दादा, व्हॉट वॉज माय नंबर? कलर नको. नंबर."

"तसा लिमिटमध्येच होता."

"कुणाच्या लिमिटमध्ये?"

परीक्षितने काकूंकडे पाहिलं. त्यांनी नजर हटवली नाही.

"एकशे बेचाळीस," तो म्हणाला. "शंभराच्या वर लाल असतं. म्हणजे... असायचं. पण हे बघ, तो माणूसच तसा होता. जोकर नुसता. त्याच्यापुढे कोण काय—"

"येस, कोच जोकर होता. एव्हरीबडी न्यू दॅट," कुश शांतपणे म्हणाला. "म्हणून तर मी त्याला नाही विचारलं, दादा. तुला विचारलं."