पुढच्या एक्झिटवरून परत

मित्रांनो, मी एक जुना रस्ता आहे. पण जुना म्हणजे थकलेला, असा गैरसमज करून घेऊ नका. दुबईहून निघून वाळवंट कापत अल ऐनला पोहोचणारा महामार्ग तो मीच. फलकांवर मला ई-सहासष्ट म्हणतात. आमच्या घराण्यात सगळ्यांनाच आकड्यांची नावं आहेत, त्यामुळे त्याचं मला काही वाटत नाही. दिवस असो की रात्र, माझ्यावरून गाड्या धावतच असतात आणि दमलो म्हणून मी एकदाही बसलेलो नाही. बसलो असतो, तर तुमच्या कानावर आलंच असतं.

फार पूर्वी माझ्या जागी नुसती एक वाट होती. उंटांच्या पायांनी पडलेली आणि वारा सुटला की पुसून जाणारी. मग माणसं आली, यंत्रं आली. त्यांनी वाळू बाजूला सारली, मुरूम दाबला, खडी पसरली आणि वरून गरम डांबर ओतलं. उन्हाने आधीच तापलेल्या अंगावर गरम डांबर म्हणजे काय, हे विचारू नका. त्यावरून रोलर पुढे-मागे फिरत राहिला. दुखलं का? दुखलं. पण पहिली गाडी माझ्यावरून सुळकन निघून गेली तेव्हा माझी मान ताठ झाली. रस्त्याला मान नसते हे मलाही ठाऊक आहे, तरी ती ताठ झाली.

मग मी वाढत गेलो. अंगावर मार्गिका वाढल्या, मधोमध दुभाजक आला, डोक्यावर पूल आले. उंट मध्ये येऊ नयेत म्हणून दोन्ही बाजूंना कुंपण घातलं. उंटांना ते अजून पटलेलं नाही. कुंपणापलीकडे उभे राहून ते माझ्याकडे असे बघतात, जणू मी त्यांची जमीन लाटली आहे.

आमचं घराणं मोठं आहे. शेख झायेद रस्ता हा आमचा थोरला. त्याच्या दोन्ही बाजूंना काचेचे मनोरे, त्यामुळे फोटो सगळे त्याचेच निघतात. माझा कुणी फोटो काढत नाही. ‘सरळसोट आहे, झोप येते’ असं लोक मला तोंडावर म्हणतात. म्हणोत बापडे. थोरल्यावर संध्याकाळी गाड्या मुंगीच्या पावलांनी सरकतात, तेव्हा हेच लोक मला आठवून उसासे टाकतात. दुबईतल्या सिलिकॉन ओएसिस या वस्तीजवळ आणखी एक भाऊ मला आडवा जातो, पुढे गेल्यावर आणखी एक. आम्ही एकमेकांत असे गुंतलो आहोत की एकाने सोडलं तर दुसरा उचलतो. माणूस चुकला तरी त्याला फिरवून आणून जागेवर सोडायचं, ही आमच्या घराण्याची रीत आहे. ही एक गोष्ट मी छाती ठोकून सांगतो.

माझ्या वाट्याला कौतुक थोडं आणि कचरा जास्त येतो. खिडकीची काच खाली होते आणि करक चहाचा, म्हणजे इथल्या कडक दुधाळ चहाचा, कागदी कप माझ्या अंगावर येऊन पडतो. ट्रकचे फुटलेले टायर कडेला पडून राहतात. वारा रोज वाळू आणून टाकतो आणि सफाईवाले रोज ती काढतात. दुबईच्या हद्दीत वेगमर्यादेच्या वर थोडी सूट असते, सीमा ओलांडली की सूट खलास. तरी काही शहाणे त्याच तोऱ्यात येतात आणि कॅमेऱ्याचा दिवा चमकला की मलाच शिव्या घालतात. मी मनावर घेत नाही.

आता तुम्हाला डेरिकची गोष्ट सांगतो. माझ्यावरून इतके लोक जातात, पण काही जण चाकांच्या आवाजावरून ओळखू येतात. डेरिक त्यांतला. मूळचा वसईचा. दुबईतल्या एका हॉटेलात तो बँक्वेट सुपरवायझर होता, म्हणजे लग्नांच्या आणि पार्ट्यांच्या जेवणाची सगळी व्यवस्था त्याच्याकडे. राहायला मात्र दुबईतल्याच अल क्वोज भागात, हॉटेलने दिलेल्या खोलीत, जिथे कुटुंब आणायची परवानगी नाही. त्याची बायको मरिसा अल ऐनच्या एका इस्पितळात नर्स होती, अपघात विभागात. त्यांची आठ वर्षांची मुलगी नोरा आईजवळ राहायची. सुट्टी मिळाली की डेरिक माझ्यावरून अल ऐनला जायचा आणि सुट्टी संपली की परतायचा. जाताना मोठमोठ्याने गाणी म्हणायचा. परतताना त्याच्या गाडीत चिटपाखरू नसल्यासारखी शांतता असायची.

अल ऐनच्या एका हॉटेलात त्याला जागा मिळत होती, पण ती एक पायरी खालची. मरिसा फोनवर विचारायची, “डेरिक, त्या जॉबचं काय ठरवलंस?” गाडीतल्या स्पीकरवरून तिचा आवाज यायचा. माणसांचं बोलणं चाकांमधून खाली झिरपतं, ते मला सगळं ऐकू येतं. डेरिकचं उत्तर ठरलेलं असायचं. “इन्शाल्ला, नेक्स्ट इयर.” वर्ष सरलं तरी हे नेक्स्ट इयर काही यायचं नाही.

एका हिवाळ्यात नोराचं फर्स्ट होली कम्युनियन ठरलं, म्हणजे चर्चमध्ये पहिल्यांदा ख्रिस्तप्रसाद घेण्याचा दिवस. पोरीने त्यासाठी वर्षभर धर्मशिक्षणाचे वर्ग केले होते. सर्वांत बुटकी म्हणून रांगेत सर्वांत पुढे तिलाच उभं करणार होते. हातात मेणबत्ती धरून तिने बाकीच्या मुलांना आत न्यायचं होतं. तिचा पांढरा फ्रॉक दुबईत शिवायला टाकलेला. तो अंगावर घालून बघायचा म्हणून डेरिक शुक्रवारी तिला दुबईला घेऊन आला. रात्री दोघं सिलिकॉन ओएसिसमध्ये त्याचा मोठा भाऊ हर्बर्ट याच्या घरी राहिले आणि शनिवारी पहाटे अल ऐनला निघाले. नोरा मागच्या सीटवर बसली होती. फ्रॉक चुरगळू नये म्हणून पाठ टेकवायलाही तयार नव्हती.

नेमकं त्याच सकाळी माझ्यावर धुकं उतरलं. वाळवंटात धुकं कसलं, असं तुम्ही म्हणाल. पण थंडीच्या दिवसांत ते असं दाट उतरतं की मलाच माझी पुढची मार्गिका दिसत नाही. विजेच्या फलकांवर वेग कमी करण्याचा इशारा झळकला. डेरिकने वेग कमी केला. आपली माणसं धुक्यात एक खुळेपणा हमखास करतात, चारही दिवे लुकलुकत ठेवून गाडी हाकतात, त्यामुळे मागच्याला कळतच नाही की पुढचा चालला आहे की थांबला आहे. डेरिकने तसं केलं नाही. मला त्याचं कौतुक वाटलं. पण वेळ हातातून निसटत होती आणि तो सारखा घड्याळाकडे बघत होता.

आणि घड्याळाकडे बघता बघताच चर्चकडे जाणारी एक्झिट त्याच्या उजव्या बाजूने निघून गेली. फलक दिसला तेव्हा तो फलकाच्या पुढे गेला होता.

“अरे देवा!” म्हणत त्याने गाडी पिवळ्या रेघेबाहेर, कडेच्या पट्टीवर घेतली आणि उभी केली. मग त्याचा हात रिव्हर्स गिअरवर गेला.

मित्रांनो, तुम्हीच बघा. सकाळ, धुकं, मागून येणाऱ्या गाड्या, आणि हा माणूस माझ्यावरून उलटा जायला निघालेला! माझ्या कडेला बारीक खाचा कोरलेल्या आहेत. चाक त्यांच्यावर आलं की घर्रर्र आवाज होतो. माझ्याकडे तेवढाच काय तो आवाज आहे. मागे येताना डेरिकचं चाक खाचांवर आलं आणि मी होता नव्हता तेवढा जोर लावून घरघरलो. डेरिकने ऐकलं नाही. उशीर झालेल्या माणसाला रस्ता ऐकू येत नाही.

पण मागच्या सीटवरून आवाज आला. “पप्पा, व्हाय आर वी गोइंग बॅक?”

“टू मिनिट्स बाळा. एक्झिट मागे राहिली. थोडीशी रिव्हर्स घेतो, झालं. वसईला आपण असंच करतो की.”

“धिस इज नॉट वसई.”

“नोरा, आता गप्प बस. लेट झालंय.”

नोरा गप्प बसली नाही. ती रडलीही नाही. तिला खरोखर प्रश्न पडला होता आणि तो तिने विचारला. “पप्पा, पण रिव्हर्सवाले पीपल मम्मीच्या वॉर्डमध्ये येतात. मम्मी टोल्ड मी. अँड टुडे मम्मी इज ऑन लीव्ह. देन हू विल लुक आफ्टर अस?”

गाडी जागच्या जागी थांबली. डेरिकचा हात गिअरवर तसाच राहिला. आरशातून त्याने मागे पाहिलं. पांढरा फ्रॉक, केसांत पांढरी फुलं, आणि उत्तराची वाट बघणारे दोन डोळे. त्याने गिअर बदलला, दिवा दाखवला, मागचा कानोसा घेतला आणि गाडी पुढे काढली.

तो थोडा पुढे गेला असेल नसेल, इतक्यात धुक्यातून पाण्याचा एक टँकर आला. त्यालाही एक्झिट उशिरा दिसली. एक्झिट फुटते तिथल्या पांढऱ्या पट्ट्यांच्या त्रिकोणावरून तो करकरत उजवीकडे कापत गेला. डेरिक मागे आला असता तर त्या क्षणी त्याची गाडी तिथेच असती. बापलेकींना हे दिसलं नाही. त्यांना ते आजही ठाऊक नाही. मी मात्र पाहिलं, आणि एरवी बढाया मारणारा मी त्या वेळी पार गारठून गेलो.

पुढे लगेच फोन वाजला. डेरिकने बटण दाबलं आणि मरिसाचा आवाज गाडीत भरला. “कुठे आहात तुम्ही? इथे सगळी मुलं लाइनमध्ये उभी राहिली!”

“मरिसा, एक्झिट मिस झाली,” डेरिक म्हणाला.

मग हळू आवाजात प्रश्न आला. “रिव्हर्स घेतोयस?”

“नाही. पुढे चाललोय. पुढच्या एक्झिटने फिरून येतो.”

तिने सुस्कारा टाकला तो मलासुद्धा ऐकू आला. “मग सावकाश ये. फादरना मी सांगते. आणि डेरिक, सावकाश म्हणजे सावकाश.”

पुढची एक्झिट बरीच लांब होती, हे मी लपवत नाही. पण ती होती. डेरिक तिथे बाहेर पडला, पुलावरून फिरला, दुसऱ्या बाजूने माझ्यावर आला आणि मी त्याला त्याच्या वळणावर नेऊन सोडलं. घराण्याची रीत मी मोडू दिली नाही.

सगळं मात्र वेळेवर झालं नाही. संध्याकाळी हर्बर्टच्या घरी जेवण होतं, म्हणून तिघंही माझ्यावरून दुबईला निघाले आणि मला पुढचं कळलं. रांग नोराशिवायच आत गेली होती. मेणबत्ती दुसऱ्या मुलीने धरली. नोरा मम्मीबरोबर शेवटच्या बाकावर बसली आणि ख्रिस्तप्रसाद तिने सगळ्यांच्या शेवटी घेतला.

“आय वॉज सपोझ्ड टू बी फर्स्ट,” ती म्हणत होती. फुरंगटून खिडकीबाहेर बघत होती.

“माझं चुकलं बाळा,” डेरिक म्हणाला. “आपल्या घरात तूच फर्स्ट. पप्पा सगळ्यात लास्ट.”

नोरा हसली नाही. मरिसाने तिचा हात हातात घेतला. मग ती डेरिककडे वळली. “मी दारात उभी होते. एकेक गाडी यायची आणि तुझी नसायची. धुकं असलं की आमच्याकडे काय काय येतं, मला माहितीय ना. मला फक्त तुम्ही दोघं हवे होतात, बाकी काही नको होतं.”

डेरिक माझ्याकडे बघत गाडी चालवत होता. मग म्हणाला, “अल ऐनच्या हॉटेलवाल्यांना उद्या हो म्हणून कळवतो.”

“तिथे तू सुपरवायझर नसशील.”

“रोज घरी असेन ना.”

“इन्शाल्ला?” मरिसाने विचारलं. किती वेळा ऐकलेला शब्द तो!

“इन्शाल्ला वगैरे नाही. खलास. ठरलं.”

आणि खरंच ठरलं. काही आठवड्यांनी एक पिकअप सामानाने भरून माझ्यावरून गेला. मागून डेरिकची गाडी होती. गाणं इतक्या मोठ्याने चाललं होतं की कुंपणापलीकडचे उंटसुद्धा माना वळवून बघत होते. त्यानंतर सुट्टीच्या दिवशी मी सवयीने त्याच्या चाकांची वाट पाहिली. तो आला नाही. मला वाईट वाटलं, आणि मग माझं मलाच हसू आलं. माणसं घरी पोहोचावीत म्हणून तर मी इथे पसरलो आहे.

तर मित्रांनो, माझ्यावर कप टाकू नका, कॅमेऱ्याचा राग माझ्यावर काढू नका, एवढं तर मी मागेनच. पण खरं मागणं वेगळं आहे. मी भक्कम आहे, लांब आहे, चुकलेल्याला परत आणायची माझी ताकद आहे. पण मला बोलता येत नाही. तुम्हाला येतं. तुम्ही मागच्या सीटवर बसता. गाडी चालवणाऱ्या मोठ्या माणसाचा हात घाईत भलत्या गिअरवर गेला आणि तो तुम्हाला म्हणाला, “आता गप्प बस”, तर त्या वेळी, मित्रांनो, मुळीच गप्प बसू नका.