कुंडाची जागा

चर्च पाडून वर्ष झालं, तरी चर्चच्या म्हाताऱ्या शिपाईकाकांची जीभ ‘पाडलं’ म्हणायला धजत नव्हती. “आमचं चर्च सध्या नाही,” एवढंच म्हणायचे. जसं काही ते चार दिवस गावाला गेलंय!

तुळया वाळवीनं पोखरलेल्या, दुसरा इलाज नव्हता, हे त्यांनाही कळत होतं. आता उरली होती दाराची दगडी पायरी आणि पुढं सपाट मैदान. सोमवारी तिथं फरशा बसणार होत्या. त्याआधी बाप्तिस्म्याच्या कुंडाच्या जागी खुणेचा दगड बसवायचं पाळकांनी ठरवलं. चर्चचा इतिहास लिहिताना त्यांना अँग्लिकन बिशपांची झाडून सगळी नावं सापडली, पण नकाशा काही सापडेना.

“चाळीस वर्षं फरशी पुसलीय मी. डोळे मिटून दाखवतो,” म्हणत काका पावलं मोजत निघाले. पहिल्यांदा थांबले नळापाशी, दुसऱ्यांदा बाकापाशी. अहो, गुडघ्याचं ऑपरेशन झालेलं, पाऊल वीतभर आखडलेलं, हिशोब जुळणार कसा?

“काका, कुंडाला पाय होते की काय?” पाळक हसले. काकांना हसू आलं नाही.

त्यांची लेक अकरा दिवसांची होऊन गेली. तिला नावानं हाक मारली गेली ती एकदाच, त्या कुंडापाशी. पुढं नवरा-बायकोनं ते नाव कधी तोंडातून काढलं नाही. काका मात्र ती जागा रोज दोनदा पुसायचे.

इतका वेळ पायरीवर बसून बघणाऱ्या काकू उठून घरी गेल्या आणि दांड्याचा पोछा घेऊन आल्या. “पायांचं सोडा. हातांना विचारा.”

काकांनी पायरीपासून सुरुवात केली. मातीवर कोरडा पोछा, डावीकडून उजवीकडे, मागं सरकत. बघणारा वेड्यात काढेल! पण अठ्ठाविसाव्या हाताला मनगट आपसूक वळलं, गोल घेर घेतला आणि तोच घेर पुन्हा एकदा घेतला.

“हीच,” काका म्हणाले. पाळकांनी खुंटी ठोकली.

सवयीनं काका पोछा भिंतीला टेकवायला गेले. भिंत कुठली असायला! काकूंनी दांडा धरला.

मग अडतीस वर्षांनी काकांनी लेकीला नावानं हाक मारली, चांगली मोठ्यानं. आणि काकूंनी पदर डोळ्यांना लावून तिच्या वतीनं ‘ओ’ दिली.