सवलत

दुसऱ्या वर्षाला मी दोनदा प्रवेश घेतला. पहिल्या वेळी पोटात बाळ होतं, आणि जिना चढताना धाप लागायला लागली तेव्हा कॉलेज सोडलं. दुसऱ्या वेळी ते बाळ चालायला, पळायला आणि प्रत्येक गोष्टीला "नाही" म्हणायला शिकलेलं होतं. मधल्या काळात माझ्या बरोबरीचे सगळे पदवी घेऊन पांगले होते. आता वर्गात जे होते, ते मी कॉलेज सोडलं तेव्हा शाळेत होते.

वाईट कुणीच नव्हतं, आणि तेच अवघड होतं. मी वर्गात शिरले की पुढच्या बाकावरची चष्मिष लगेच सरकून जागा करायची. "ताई, बसा ना तुम्ही." मी बसले की ती पलीकडच्या मैत्रिणीकडे वळायची आणि तास संपेपर्यंत वळलेलीच राहायची. त्या दोघी एकमेकींना वाट्टेल त्या नावांनी हाका मारायच्या, पाठीत गुद्दे घालायच्या. मला गुद्दा कोण घालणार? मधल्या सुट्टीत सगळा वर्ग कँटीनला जायचा आणि मी प्रयोगशाळेबाहेरच्या व्हरांड्यात, खिडकीच्या कट्ट्यावर डबा उघडायचे. एका हातात घास, दुसऱ्या हातात फोन.

"जेवला का?" मी सासूबाईंना विचारायचे.

"जेवला."

"नीट?"

"नीट म्हणजे कसं गं? तोंडाने जेवला."

आमच्या वनस्पतिशास्त्र विभागात एक पद्धत आहे. पहिल्या वर्षाच्या मुलांना नवा प्रयोग आधी दुसऱ्या वर्षाचं कुणीतरी समोर उभं राहून करून दाखवतं. मॅडम मागे स्टुलावर बसून ऐकतात आणि चुकलं की तिथल्या तिथे, मुलांच्या देखत दुरुस्त करतात. त्याचे मार्क असतात, पण मार्कांपेक्षा धास्ती मोठी. चष्मिषला तिच्या वेळेला चक्क उलटी झाली होती. चूळ भरून ती परत आली आणि प्रयोग पुरा केला. त्या दिवसापासून तिची चालच बदलली. हे बाकी कुणाच्या लक्षात आलं की नाही, माहीत नाही. मी अशा गोष्टी बघत बसते.

माझ्या वाट्याला सूर्यफुलाच्या खोडाचा छेद आला. खोडाचा आडवा काप घ्यायचा, इतका पातळ की त्यातून उजेड आरपार जावा, आणि रंगवून सूक्ष्मदर्शकाखाली ठेवायचा. फळ्यावर माझं नाव बघितलं आणि ते दुसऱ्या कुणाचं असेल म्हणून परत वाचलं. चार माणसांत बोलणं मी विसरूनच गेले होते. घरी दिवसभर तोंड चालू असायचं, पण ते सगळं गुडघ्याएवढ्या माणसाशी.

मी मॅडमकडे गेले. "मॅडम, बाळ लहान आहे, तयारीला वेळच होत नाही. मला यातून जरा..."

वाक्य पुरं करावंच लागलं नाही.

"अगं हो, तुझं समजू शकते मी. नको करूस. काहीतरी लेखी आणून दे, मी मार्कांचं बघते." त्या उठल्या आणि फळ्यावरचं माझं नाव तळहाताने पुसलं. "ती चष्म्यावाली करेल परत. तिला जमतं."

मी बाहेर आले. मोकळं वाटायला हवं होतं, आणि जिन्यापर्यंत वाटलंही. मग पायरीवर थांबले. किती सहज पुसलं. लग्नकार्यात मला म्हणायचे, तू बाळाला घेऊन आत बस, काही करू नकोस. वर्गातल्या गटाच्या कामात म्हणायचे, ताई, तुम्ही फक्त सही करा. कुणी माझ्याकडून काही मागतच नव्हतं. सगळ्यांनी मिळून, अगदी प्रेमाने, समजून घेता घेता मला मोडीत काढलं होतं. आणि आज मी स्वतः जाऊन त्यावर शिक्का मारून आले होते.

संध्याकाळी नवऱ्याला सांगितलं. तो बाळाच्या बुटाच्या नाडीची गाठ सोडवत बसला होता.

"बरं झालं की," तो म्हणाला. "एक ताप कमी."

"मला जमलं नसतं असं वाटतं तुला?"

"जमलं असतं. पण कशाला?"

मी बाळाच्या दुसऱ्या बुटाची नाडी सोडवायला घेतली. एक गोष्ट लख्ख दिसली की आज यातून सुटले, तर उद्या परीक्षेतून सुटेन, परवा कॉलेजातूनच, आणि त्यालाही सगळे "बरं झालं की" म्हणतील.

दुसऱ्या दिवशी मी मॅडमसमोर जाऊन उभी राहिले. "मॅडम, माझं सूर्यफूल मला परत द्या."

"काल तर नको म्हणालीस."

"काल घाबरले होते."

"आणि आज?"

"आजही घाबरलेय. पण करते."

त्यांनी चष्म्यावरून माझ्याकडे पाहिलं. "बघ हं. मध्येच थांबलीस तर मी उठून येणार नाही. मुलं तशीच बसून राहतील. तू तशीच उभी राहशील."

किती दिवसांनी कुणीतरी माझ्याशी असं कोरडं बोललं होतं. मला बरं वाटलं. चष्मिषला सांगितलं तर ती म्हणाली, "सुटले बाई. मला परत उलटीच झाली असती." आणि पळाली.

दुपारी बाळ झोपलं की मी ओट्यापाशी भाजीचे देठ घेऊन बसू लागले. काप बटणासारखे जाड येत होते. मी प्रत्येक काप जपून, दाबून, श्वास रोखून घेत होते, आणि जितकं जपावं तितका तो जाड. शेवटी वैतागून भराभर ब्लेड ओढलं आणि पाण्यात पडलेल्या ढिगात एक काप असा निघाला की तो आहे की नाही ते कळेना. मग तेच धरलं. पातं ओलं करायचं, आपल्याकडे ओढायचं, पुष्कळ कापायचे आणि त्यातला एक निवडायचा. सासूबाईंनी वाटीत डोकावून बघितलं. "ही भाजी ताटात दिसणार आहे का कुणाला?"

प्रयोगाच्या दिवशी मी मुलांसमोर उभी राहिले आणि आवाज फुटेना.

"ताई, ऐकू येत नाही," मागून कुणीतरी म्हणालं. मी तर अजून काही बोललेच नव्हते.

मग पुढच्या रांगेत खुसखुस सुरू झाली. दोन मुली डावीकडे-उजवीकडे झुलत होत्या. मला आधी कळलं नाही. मग कळलं, झुलत मी होते. बाळाला कडेवर घेऊन उभं राहायची सवय. कडेवर कुणी नव्हतं तरी अंग आपलं हलत होतं. मी टेबलाची कड पकडली.

"आता आपण हे खोड धरायचं हं," मी म्हटलं. "घट्ट नाही. त्याला दुखेल."

सगळी हसली. मी मॅडमकडे बघितलं. त्या कागदांत मान घालून बसल्या होत्या. उठणार नाही म्हणाल्या होत्या, नव्हत्याच उठत. मी पातं ओलं केलं आणि बोलत राहिले, कारण गप्प बसले असते तर ते हसणं तेवढं उरलं असतं.

मग एकाला पुढे बोलावलं. हा दांडगा, मिसरूड फुटलेला मुलगा, आणि त्या एवढ्याशा ब्लेडला घाबरत होता. एकेक काप बटणासारखा.

"जपू नकोस. ओढ. बिघडला तर बिघडू दे, दुसरा घे."

त्याने ओढलं, परत ओढलं. एक काप सुटून पाण्यावर तरंगला, पातळ, जवळजवळ नाहीच.

"शाब्बास रे माझ्या राजा," मी म्हटलं.

मुलांनी प्रयोगशाळा डोक्यावर घेतली. मुलगा कानापर्यंत लाल. मी तर तिथे मेलेच. "माफ कर," म्हटलं, "सवयीने तोंडातून गेलं."

"ताई, आम्हालाही म्हणा की," मागचा एक ओरडला.

"आधी पातळ कापून दाखव. जाड कापांना मी राजा म्हणत नाही."

हे कोण बोललं, असं मलाच वाटलं. पण मागचा तो ब्लेड घेऊन पुढे आला, त्याच्यामागे बाकीचे आले, आणि मी एका टेबलावरून दुसऱ्यावर फिरत राहिले. रंगात काप किती वेळ ठेवायचा ते मी चुकीचं सांगितलं. मॅडमनी तिथूनच टोकलं. "बरोबर, चुकलं माझं," मी म्हटलं आणि पुढच्या टेबलाकडे वळले. त्यानंतर त्या एकदाही बोलल्या नाहीत.

घंटा झाली तशी सगळी पाखरं उडाली, कँटीनकडे. मागे वळून कुणी बघितलं नाही. मॅडम जाता जाता म्हणाल्या, "टेबलाशी काय बोलत होतीस सुरुवातीला? मुलांशी बोल." शाबासकी नाही. माझ्या वर्गाचा आवाज खालून, आवारातून येत होता, हळूहळू लांब जात.

मी काचेच्या बशा विसळल्या आणि फोन लावला.

"झालं का गं?" सासूबाई.

"झालं. रडला का तो?"

"छे. विचारलंसुद्धा नाही तुझ्याबद्दल. खेळतोय. ये तू सावकाश."

फोन ठेवला. रडला नाही हे चांगलंच, आणि तरी फोन परत लावावासा वाटला. तिकडे कुणी वाट बघत नव्हतं, इकडेही कुणी थांबलं नव्हतं. एरवी मी जिना उतरायला लागले असते.

मग लक्षात आलं की सगळ्यांचे काप बघण्याच्या नादात माझा एकही मी बघितला नव्हता. खोडाचा एक तुकडा उरला होता. पातं ओलं केलं, ओढलं, परत ओढलं. सगळ्यात पातळ होता तो ब्रशवर उचलून रंगात ठेवला, धुतला, काचेवर घेतला. सूक्ष्मदर्शकाचा बारीक स्क्रू फिरवला. आधी नुसतं धुकं. मग लाल ठिपक्यांचं कडं, एकाशेजारी एक, आणि मध्ये फिकट, मोकळी जागा.

दाखवायला कुणी नव्हतं. बसची वेळ होत आली होती. मी स्टूल ओढलं, बसले, आणि दुसरा डोळा मिटून घेतला.