देवाच्या नावाची मूठ

आमच्या मिझो गावातल्या प्रेसबिटेरियन चर्चच्या मंडळीचा इतिहास पाळकसाहेब ह्रांगदोलांनी लिहिलाय. त्यातलं दुष्काळाचं पान आम्हाला तोंडपाठ झालंय, तरी मंडळीच्या पंचाहत्तरीच्या जेवणाआधी त्यांनी ते पुन्हा वाचलंच. बांबू फुलला, त्याच्या बिया खाऊन उंदीर माजले, त्यांनी शेतं फस्त केली, तरी चुलीवर आधण ठेवताना देवाच्या नावानं मूठभर तांदूळ काढायचं एकाही घरानं सोडलं नाही.

"याला म्हणतात विश्वास," ते म्हणाले.

शेजारी त्यांची बालमैत्रीण दारथुआमी बसली होती. ती म्हणाली, "ती मूठ तुझ्याच घरी यायची. तुझे बाबा पाळक होते ना. आमच्या घरात उरलेल्या तांदळाची पेज आजारी माणसाला, आणि आम्ही पोरं रानातले कंद खायचो."

"मला ठाऊक नव्हतं गं."

"कसं नव्हतं? भाताचा कंटाळा आला म्हणून तू आमच्याकडे कंद मागायला यायचास. पाळकाचं पोर म्हणून आई सगळ्यात मोठा तुला द्यायची."

पाळकसाहेबांनी पुस्तक मिटलं. तेवढ्यात रिवाजाप्रमाणे भाताचं पहिलं ताट त्यांच्यापुढे आलं. त्यांनी मान खाली घालून ते तिच्याकडे सरकवलं.

तिनं ते परत ढकललं. "खा आता. तेव्हा खाल्लास, तसाच खा."